शाफ्रान्कोवा, लिबुशे

शाफ्रान्कोवा, लिबुशे : (७ जून १९५३–९ जून २०२१). चेक चित्रपट, रंगभूमी व दूरचित्रवाणी अभिनेत्री. ‘त्रि ओर्झिश्की प्रो पोपेल्कु’ (पोपेल्कासाठी तीन हेझलनट, १९७३) या परीकथापटातील नायिका म्हणून मध्य व उत्तर युरोपात त्या घरोघरी परिचित आहेत. पोपेल्का ही चेक लोककथांतील सिंड्रेला.

त्यांचा जन्म मोराव्हियातील ब्रनो येथे झाला. बालपण जवळच्या श्लापानित्से गावी गेले. अभिनयाचे शिक्षण त्यांनी ब्रनोतच घेतले. आंतोनीन मोस्कालिक यांच्या ‘बाबिच्का’ (आजी, १९७१) या दूरचित्रवाणीपटातील बारुंकाच्या भूमिकेमुळे त्या प्रथम प्रकाशात आल्या. मूळ कादंबरी एकोणिसाव्या शतकातील लेखिका बोझेना न्येम्त्सोवा यांची. पोपेल्काची कथाही त्यांच्याच परीकथांवरून घेतलेली आहे.

‘पोपेल्का’ची निर्मिती प्रागचा बारांडोव्ह स्टुडिओ आणि पूर्व जर्मनीची डेफा ही चित्रपटसंस्था यांनी मिळून केली. दिग्दर्शक वात्स्लाव वोर्लिचेक, संगीत कारेल स्वोबोदा. पटकथा फ्रांतिशेक पाव्लीचेक यांची होती. परंतु १९६८ च्या सोव्हिएत आक्रमणानंतर त्यांच्या लेखनावर बंदी असल्याने श्रेयनामावलीत दुसरेच नाव घातले गेले. कथा मुळात उन्हाळ्यात घडणारी होती. डेफाला मात्र हिवाळ्यातच सवड असल्याने ती बर्फात नेण्यात आली, आणि पुढे हा बर्फच चित्रपटाची ओळख बनला. नैसर्गिक बर्फ कमी पडला तेव्हा माशांची भुकटी पसरून काम भागवण्यात आले. तिचा वास कलाकारांना सोसावा लागला. राजवाड्याची बाह्यदृश्ये ड्रेस्डेनजवळच्या मोरित्सबुर्क येथे, तर सावत्र आईच्या वाड्याची दृश्ये बोहेमियातील श्विहोव गढीत चित्रित झाली.

यातील पोपेल्का नशिबाची वाट पाहत बसणारी नाही. राजपुत्र हरिणीवर नेम धरतो, तेव्हा ती त्याच्यावर बर्फाचा गोळा फेकून हरिणीला वाचवते आणि त्याच्याच घोड्यावरून पसार होते. पहिल्या हेझलनटातून निघालेला शिकाऱ्याचा वेश चढवून ती नेमबाजीत दरबारी मंडळींना मागे टाकते. मेजवानीच्या नाचात राजपुत्र आपली वधू ठरल्याचे परस्पर जाहीर करतो. त्यावर, वधूला विचारायचे राहून गेले, याची आठवण ती त्याला करून देते आणि कोडे घालून निघून जाते. हा खट्याळपणा आणि ठामपणा शाफ्रान्कोवांनी कुठेही आवाज न चढवता, डोळ्यांतून व हालचालींतून साधला आहे. चित्रीकरणाच्या वेळी त्या १९ वर्षांच्या होत्या. राजपुत्र झालेल्या पावेल त्राव्ह्नीचेक यांचे संवाद मात्र मोराव्हियन ढबीमुळे दुसऱ्या नटाच्या आवाजात ध्वनिमुद्रित करावे लागले.

चेकिया, जर्मनी व नॉर्वेत हा चित्रपट नाताळच्या दिवसांत दरवर्षी दाखवला जातो. नॉर्वेच्या सरकारी वाहिनीवरील प्रतीत सर्व पात्रांचे संवाद क्नुट रिसान या एकाच पुरुषाच्या आवाजात ऐकू येतात, आणि प्रेक्षकांना तीच प्रत हवी असते. मोरित्सबुर्कच्या किल्ल्यात हिवाळ्यात या चित्रपटावर प्रदर्शन भरते.

पुढे ‘छोटी जलपरी’ (१९७६) या कारेल काखिन्या यांच्या चित्रपटात त्या राजकन्या झाल्या. जलपरीची भूमिका त्यांची धाकटी बहीण मिरोस्लावा यांनी केली. ‘राजपुत्र आणि सांजतारा’ (१९७८) व ‘तिसरा राजपुत्र’ (१९८२) हे त्यांचे आणखी परीकथापट. ‘आराबेला’ या लोकप्रिय मालिकेतील राजकन्येला त्यांनी आवाज दिला.

प्रागमधील चिनोहेर्नी क्लुब या नाट्यसंस्थेत त्यांनी दीर्घकाळ काम केले. तेथील सहकलाकार योसेफ अब्रहाम यांच्याशी १९७६ मध्ये त्यांचा विवाह झाला. यिर्झी मेन्झेल यांचा ‘माझे लाडके गाव’ (१९८५) आणि यान स्व्येराक यांचा ‘प्राथमिक शाळा’ (१९९१) या, ऑस्करसाठी नामांकन मिळालेल्या चित्रपटांत त्यांच्या भूमिका आहेत. स्व्येराक यांच्याच ‘कोल्या’ (१९९६) मध्ये त्यांनी क्लारा ही गायिका रंगवली. या चित्रपटाला सर्वोत्कृष्ट परभाषी चित्रपटाचे ऑस्कर मिळाले. शाफ्रान्कोवा यांचे निधन प्राग येथे झाले.

लोकप्रियता पोपेल्काने दिली हे खरे; तथापि संसारी, थकलेल्या, विनोदी अशा प्रौढ स्त्रियांच्या भूमिकाही त्यांनी तितक्याच सहजतेने केल्या. त्यांच्या अभिनयाची पारख केवळ एका परीकथेवरून करणे अपुरे ठरते.