अनामत ठेवलेला मुलूख

घर भाड्याने घेताना, ग्रंथालयाचे सभासद होताना आपण अनामत भरतो. निवडणुकीत तर उमेदवाराची अनामत जप्तही होते. शब्द मूळचा अरबी, ‘अमानत’. विश्वासाने दुसऱ्याच्या हाती सोपवलेली वस्तू. आमच्या घरात आजीच्या बोलण्यात ‘अमानत’ असे, शाळेत गेल्यावर तिची ‘अनामत’ झाली. दोन अक्षरांनी जागा बदलल्या, एवढाच फरक.

हाच शब्द सैबेरियाच्या इतिहासात भेटला तेव्हा मी दचकलो. तिथे ‘अमानात’ म्हणजे ओलीस धरलेला माणूस.

सोळाव्या शतकात पश्चिम सैबेरियात कुचुम खानाची सत्ता होती. १५८२ मध्ये येर्माक नावाच्या कोसॅक सरदाराने त्याची राजधानी घेतली आणि रशियाला पूर्वेची वाट मोकळी झाली. तातारांकडून रशियनांनी मुलखाबरोबर दोन शब्दही उचलले. एक ‘यासाक’, म्हणजे जनावरांच्या कातड्यांच्या रूपात द्यायचा कर. दुसरा ‘अमानात’. जमातीच्या प्रमुखाला किंवा त्याच्या मुलाला लाकडी गढीत कोंडून ठेवायचे. भाऊबंद सेबल या मुंगसासारख्या प्राण्याची कातडी घेऊन आले, की आपला माणूस जिवंत असल्याचे त्यांना दाखवायचे. युरोपच्या बाजारात सेबलच्या मऊ लोकरीला सोन्याची किंमत होती.

अशीच एक गढी १६३२ मध्ये प्योत्र बेकेतोव याने लेना नदीच्या काठी उभारली. आजचे याकुत्स्क शहर तिच्यातून वाढले. भोवतालचा प्रदेश म्हणजे याकुतिया, तिथल्या लोकांच्या भाषेत ‘साखा’. आपल्या ‘सखा’शी याचा काही संबंध नाही, पण कानाला बरे वाटते खरे. १६४२ मध्ये गोलोविन या सुभेदाराने करासाठी माणसांबरोबर गुरांचीही मोजणी सुरू केली. आता गुरेही नेणार, या भीतीने लोक उठले. तो उठाव निर्दयपणे मोडून काढण्यात आला. पुढे शतक संपता संपता सेबलच विरळ झाले, पण यासाक राहिला. सेबल नसेल तर कोल्हा द्या, कोल्हा नसेल तर पैसे.

या मुलखाचा आकार डोळ्यांसमोर आणणे कठीण आहे. क्षेत्रफळ सुमारे ३१ लाख चौरस किलोमीटर, म्हणजे भारतापेक्षा किंचित कमी. लोकसंख्या मात्र दहा लाखांच्या आसपास. ओयम्याकोन आणि वेर्खोयान्स्क या दोन गावांत उणे ६७ अंशांखाली पारा गेल्याची नोंद आहे. त्याच वेर्खोयान्स्कला जून २०२० मध्ये ३८ अंश उष्मा होता! नागपूरकरांनाही हे तापमान ओळखीचे वाटेल.

जमीन वर्षभर गोठलेली. उन्हाळ्यात वरचा हात-दोन हात थर तेवढा सुटतो. १८२८ मध्ये शेर्गिन नावाच्या व्यापारी कंपनीच्या माणसाने याकुत्स्कमध्ये पाण्यासाठी विहीर खणायला घेतली. कुदळीखाली दगडासारखी गोठलेली मातीच येत राहिली. नऊ वर्षांनी खोली ११६ मीटर झाली, तरी तळ गोठलेलाच. पाणी मिळाले नाही, पण जमिनीच्या पोटातली थंडी मोजायला शास्त्रज्ञांना जागा मिळाली. आजही तिथल्या मोठ्या इमारती जमिनीत खोल रोवलेल्या खांबांवर, खाली मोकळी जागा सोडून बांधतात. घराच्या उबेने खालची जमीन वितळली, तर घरच खचेल.

अशा ठिकाणी माणसे राहतात कशी? साखा लोकांचे पूर्वज दक्षिणेकडून, बैकल सरोवराच्या बाजूने घोडे आणि गुरे घेऊन वर आले. त्यांचे बुटके, केसाळ घोडे कडाक्याच्या हिवाळ्यातही उघड्यावर राहतात आणि खुरांनी बर्फ उकरून गवत शोधतात. त्यांच्याही आधीपासून इथे युकागिर होते. एवेंक आणि एवेन हे रेनडिअर पाळणारे आणि शिकार करणारे लोक. युकागिर आज हजार-दीड हजारांच्या घरात उरले आहेत.

साखांची भाषा तुर्की कुळातली. आपल्याकडची कैची आणि तोफ ज्या कुळातून आली, तेच हे कुळ. इस्तंबूलचा माणूस ‘बिर, इकी, उच’ असे मोजतो, साखा माणूस ‘बीर, इक्की, यूस’. मात्र तुर्की कुळातल्या बहुतेकांसारखे ते मुसलमान झाले नाहीत. आकाशाची आणि निसर्गाची जुनी पूजा त्यांनी जपली, वर रशियनांचा ख्रिस्ती धर्म आला.

‘ओलोन्खो’ हे त्यांचे वीरकाव्य. एकच गायक सगळी पात्रे आपल्या आवाजात उभी करतो, आणि कथा रात्रीमागून रात्री चालते. २००५ मध्ये युनेस्कोने तिला मानवजातीच्या मौखिक वारशात स्थान दिले. प्लातोन ओयून्स्की या कवीने यातले ‘न्युर्गुन बोओतुर’ हे काव्य शब्दबद्ध केले. छत्तीस हजारांवर ओळी! माझ्यासारख्या बारा-चौदा ओळींत थकणाऱ्याला हे वाचूनच धाप लागते. ‘ओयून’ म्हणजे त्यांच्या भाषेत शमन, मांत्रिक पुरोहित. आणि हे टोपणनाव घेणारा माणूस बोल्शेविक, नव्या सोव्हिएत याकुतियाच्या पहिल्या नेत्यांपैकी एक! १९३८ मध्ये त्याच्याच राजवटीने त्याला पकडले. १९३९ मध्ये तो याकुत्स्कच्या तुरुंगात मरण पावला. त्याच्यावरचा कलंक १९५५ मध्ये सरकारने पुसला.

त्याच १९५५ मध्ये याकुतियात ‘मीर’ ही हिऱ्यांची खाण सापडली. त्याआधीच्या वर्षी लारिसा पोपुगायेवा ही भूवैज्ञानिक नदी-ओढ्यांची वाळू धूत, तांबड्या पायरोप खड्यांचा माग काढत हिऱ्यांच्या पहिल्या खडकापर्यंत पोहोचली होती. हा माग काढण्याची पद्धत नतालिया सार्सादस्किख आणि तिने मिळून बसवली होती. १९५७ मध्ये या शोधासाठी लेनिन पारितोषिक दिले गेले, त्यात दोघींचीही नावे नव्हती. पोपुगायेवाला शोधकर्तीचा मान मिळायला १९७० साल उजाडले.

हिऱ्यांनी याकुतिया बदलली. १९२६ च्या शिरगणतीत दर शंभरांत ऐंशीहून अधिक साखा होते, १९८९ मध्ये ते एक तृतीयांश उरले. खाणींना वीज हवी म्हणून विल्युय नदीवर धरण झाले आणि कुरणे पाण्याखाली गेली. याच भागात १९७४ आणि १९७८ मध्ये जमिनीखाली केलेल्या अणुस्फोटांतून किरणोत्सर्ग बाहेर पडला. हे स्फोट लष्करी नव्हते, ‘शांततेच्या कामासाठी’ होते. पहिला तर खाणीतल्या गाळासाठी बांध घालायला केला होता. विल्युयकाठच्या लोकांना हे कळायला सोव्हिएत राजवटीची शेवटची वर्षे यावी लागली.

१९९० मध्ये याकुतियाने स्वतःचे सार्वभौमत्व जाहीर केले. रशियातून फुटून निघण्याचा इरादा नव्हता, हिऱ्यांत आपला वाटा हवा होता. आज ‘अल्रोसा’ या हिरे कंपनीत मॉस्कोचे ३३ टक्के, याकुतियाचे २५ आणि तिथल्या आठ तालुक्यांचे मिळून ८ टक्के भाग आहेत. यासाकच्या दिवसांशी तुलना केली तर हे पुष्कळच म्हणायचे. बाहेरून आलेले बरेच लोक परत गेले, आणि २०२१ च्या गणनेत साखा पुन्हा निम्म्याहून अधिक झाले.

यातले बरेच हिरे आपल्याकडे येतात. सुरतेत त्यांना पैलू पडतात, मुंबईत वांद्रे-कुर्ला संकुलात त्यांचे सौदे होतात. युक्रेनवरील आक्रमणानंतर, १ जानेवारी २०२४ पासून, जी-७ देशांनी रशियन हिऱ्यांना दारे बंद केली. पुढे सुरतेत घासलेल्या रशियन हिऱ्यालाही ती बंदी लागू झाली, आणि आधीच मंदीत असलेल्या तिथल्या कारागिरांच्या अडचणीत भर पडली.

मीर खाणीचा खड्डा ५२५ मीटर खोल आहे. २००१ मध्ये त्यातली उघडी खोदाई थांबली आणि नंतर खाली बोगदे खणले गेले. ४ ऑगस्ट २०१७ रोजी खड्ड्यात साचलेले पाणी त्या बोगद्यांत घुसले. दीडशे कामगार खाली होते. बहुतेकांना वर काढले, आठ जण सापडले नाहीत. तीन आठवड्यांनी शोध थांबवण्यात आला.