दिनविशेष : ११ सप्टेंबर १९२६

सामुराईपटांचा पहिला बडा नट ओनोए मात्सुनोसुके याचं या दिवशी निधन झालं. एकावन्नाव्या वाढदिवसाला एकच दिवस उरला होता.

फिरत्या काबुकी मंडळीतला हा नट दिग्दर्शक माकिनो शोझो यांनी हेरला. १९०९पासून त्याने हजाराच्या आसपास मूकपट केले, बहुतेक तलवारबाजीचे. ऐन चकमकीत तो डोळे असे वटारायचा की त्याचं नावच पडलं ‘डोळेवाला मात्सू’. कॅमेरा एका जागी रोवलेला, पडद्याशेजारी संवाद म्हणणारा बेन्शी. फाळक्यांच्या ‘राजा हरिश्चंद्र’प्रमाणे इथेही नायिका पुरुषच. थोडक्यात, नाटकच! ‘जिराइया’त (१९२१) मात्र कॅमेऱ्याच्या करामतीने तो चक्क अजस्र बेडूक होतो.

१९२५च्या ‘ओरोची’त बांदो त्सुमासाबुरोचा गांजलेला, बदनाम सामुराई आला आणि मात्सुनोसुकेची ऐट जुनी वाटू लागली. त्याचे बहुतेक मूकपट आज नष्ट झाले आहेत.