संगणकातले बिऱ्हाड



१९९० नंतर गावोगावचे अहवाल, यात्रेच्या पत्रिका आणि स्मरणिका हळूहळू संगणकावर जुळू लागल्या. पुण्यातल्या सी-डॅकचे ‘आयएसएम’ आणि मॉड्युलर इन्फोटेकची ‘श्रीलिपी’ ही नावे डीटीपीवाल्यांच्या तोंडी होती. त्या काळातले बरेच फॉन्ट इंग्रजी अक्षरांच्या जागी मराठी वळणे बसवीत. फॉन्ट नसला की मजकुराची निरर्थक चिन्हे होत. पुढे युनिकोडने ‘क’ला २३२५ असा कायमचा क्रमांक दिला आणि विंडोज २००० पासून देवनागरीची सोय मूळ प्रणालीतच आली. नवे लेखन सुखरूप झाले. जुने मात्र जुन्या विंडोजपाशीच अडकले, आणि ती यंत्रे भंगारात गेली.

यावरचा उपाय त्याहून जुना आहे. एका वाड्यात अनेक बिऱ्हाडे नांदतात, प्रत्येकाची चूल वेगळी. तसे एका यंत्रात अनेक ‘आभासी यंत्रे’ चालवण्याची युक्ती आयबीएमने १९६० च्या दशकात शोधली आणि १९७२ मध्ये ‘व्हीएम/३७०’ म्हणून बाजारात आणली. ती मोठ्या, महागड्या यंत्रांसाठी होती. घरगुती संगणकाचा प्रोसेसर या कामासाठी घडवलेला नव्हता. व्हीएमवेअर कंपनीने अडचणीच्या आज्ञा चालता चालता बदलून घेण्याची तोड काढली आणि १९९९ मध्ये ‘वर्कस्टेशन’ आणले. २००५ पासून इंटेलने प्रोसेसरमध्येच ही सोय दिली. २००७ मध्ये ‘व्हर्च्युअलबॉक्स’ विनामूल्य मिळू लागले.

म्हणून आज नव्या लॅपटॉपमध्ये विंडोज ९८ किंवा एक्सपीचे बिऱ्हाड थाटता येते. त्या विंडोजला आपण स्वतंत्र संगणकावर आहोत असेच वाटते. तिची अख्खी हार्डडिस्क म्हणजे आपल्याकडची एक फाईल. तीत जुने पॅकेज आणि फॉन्ट टाकले की पंचवीस वर्षांपूर्वीचे पान जसेच्या तसे उघडते.

मर्यादाही आहेत. प्रिंटरच्या पोर्टला लावायचे जुने हार्डवेअर लॉक तिथे सहसा चालत नाहीत. एक्सपीची सुरक्षा-दुरुस्ती ८ एप्रिल २०१४ रोजी थांबली, त्यामुळे त्या बिऱ्हाडाला इंटरनेट जोडू नये. मजकूर युनिकोडमध्ये आणल्यावर जोडाक्षरे डोळ्यांनी तपासावीच लागतात. आणि बुरशी धरलेली फ्लॉपी कोणतेही आभासी यंत्र वाचू शकत नाही.

तेव्हा भोंगवलीतल्या माळ्यावर किंवा पुण्या-मुंबईच्या कपाटात गावाची, शाळेची जुनी फ्लॉपी वा सीडी असेल तर ती फेकू नका. सोबत कोणता फॉन्ट वापरला होता तेही चिठ्ठीवर लिहून ठेवा. जुळणी करणारी माणसे अजून आपल्यात आहेत, तोवर त्यांना विचारून घेतलेले बरे.