युआन मुझी : नटाच्या कानाने लिहिलेल्या पटकथा

शांघायमध्ये 1934 सालीही मूकपट निघत होते आणि ध्वनी ही चित्राला मागाहून दिलेली जोड आहे, असेच अनेक निर्माते मानत होते. त्या काळात निंगबो येथे 1909 मध्ये जन्मलेले आणि रूपपालटाच्या कौशल्यामुळे ‘सहस्रमुखी नट’ म्हणून गाजलेले युआन मुझी रंगभूमीवरून पटकथालेखनाकडे वळले. ज्या डिआनथोंग कंपनीसाठी त्यांनी ‘ताओ ली च्ये’ (1934) लिहिला, तिचा मूळ व्यवसाय ध्वनिमुद्रणाच्या यंत्रांचा असल्याने आवाजाचा विचार कथा रचतानाच करण्याची मुभा तेथे होती. यिंग युनवेई यांच्या दिग्दर्शनाखालील या बोलपटात सचोटीपायी नोकऱ्या गमावणाऱ्या आणि अखेर देहदंडाला सामोरे जाणाऱ्या पदवीधराची भूमिका त्यांनीच केली. पदवीदानाच्या वेळी उमेदीने म्हटलेले समूहगीत शेवटी पुन्हा कानी येते आणि मधल्या साऱ्या वाताहतीचा हिशेब मांडते.

पुढल्याच वर्षी ‘फेंगयुन अरन्यू’मध्ये ते कवीच्या भूमिकेत दिसले, त्यातले न्ये अर यांनी स्वरबद्ध केलेले संचलनगीत 1949 मध्ये चीनचे राष्ट्रगीत ठरले, आणि त्याच्या पहिल्या ध्वनिमुद्रणातील आवाजांत युआन यांचाही आवाज होता.

मात्र त्यांच्या प्रतिभेचा कस लागला तो स्वतः लिहून दिग्दर्शित केलेल्या ‘मालू थ्येनश’मध्ये (1937), म्हणजे ‘रस्त्यावरचे देवदूत’ या चित्रपटात. बँडमधला तुतारीवादक (झाओ दान) आणि चहाघरात गाणारी मुलगी (झोउ श्वान) यांच्या खिडक्या समोरासमोर आहेत. तो तंतुवाद्य छेडतो, ती गाते, आणि अरुंद बोळापलीकडून प्रेम व्यक्त होते. पुढे गैरसमजाने दुखावलेला तोच तरुण दारूच्या नशेत पैसे टाकून तिला तेच गाणे म्हणायला लावतो, तेव्हा शब्द आणि चाल तीच असूनही तिचा अपमान आणि त्याची तडफड एका संवादाविना उमगते. लिहिताना प्रत्येक ओळ पात्राच्या तोंडी ऐकणाऱ्या नटालाच असा प्रसंग सुचू शकतो.

जपानी आक्रमणानंतर 1938 मध्ये युआन येनानला गेले, सोलापूरचे डॉ. द्वारकानाथ कोटणीस 1939 च्या प्रारंभी पोहोचले ते याच कम्युनिस्ट केंद्रात. तेथे चित्रित केलेला माहितीपट पूर्ण करण्यासाठी युआन 1940 मध्ये सोव्हिएत संघात गेले, परंतु जर्मन हल्ल्याच्या धामधुमीत तो गहाळ झाला. 1949 मध्ये ते देशाच्या चित्रपट विभागाचे प्रमुख झाले खरे, तरी ‘मालू थ्येनश’नंतर 1978 मधील मृत्यूपर्यंत त्यांनी एकही कथापट दिग्दर्शित केला नाही, चिनी बोलपटाचे याहून मोठे नुकसान त्या पिढीत क्वचितच झाले असेल.