दाखला, दप्तर आणि न्यायालय : जमात पडताळणीच्या अभ्यासाची प्रस्तावना

महाराष्ट्रात अनुसूचित जमातीसाठी राखीव असलेली जागा मिळवायची तर प्रांताधिकाऱ्यांनी दिलेला जमातीचा दाखला पुरत नाही. तो पडताळणी समितीकडे जातो, आणि समितीने दावा मान्य केला तरच वैधता प्रमाणपत्र मिळते. लोक त्याला नुसते ‘व्हॅलिडिटी’ म्हणतात. दावा फेटाळला गेला की एकच वाट उरते, उच्च न्यायालयात रिट याचिका. या याचिकांच्या निकालांतून गेल्या काही दशकांत एक स्वतंत्र अभ्यासक्षेत्र उभे राहिले आहे. कायदा, मानववंशशास्त्र, महसुली दप्तर आणि स्थलांतराचा इतिहास यांची इथे गाठ पडते. इथे नव्याने येणाऱ्या विद्यार्थ्याचे, वकिलाचे, समितीवर काम करणाऱ्या अधिकाऱ्याचे आणि आपल्याच पणजोबांच्या नोंदी शोधायला निघालेल्या तरुणाचे मनापासून स्वागत.

मुळाशी संविधानाचा अनुच्छेद ३४२ आहे. राष्ट्रपतींच्या १९५० च्या आदेशाने जमातींची यादी ठरली; तीत भर घालण्याचा किंवा तीतून वगळण्याचा अधिकार फक्त संसदेला आहे. पूर्वी महाराष्ट्रातल्या अनेक नोंदींना तालुक्यांची हद्द होती. अकोले, कर्जत, मुरबाड अशा ठरावीक तालुक्यांतला ठाकूर आदिवासी, त्याबाहेरचा नाही. १९७६ च्या दुरुस्ती कायद्याने ही क्षेत्रमर्यादा उठली आणि २७ जुलै १९७७ पासून बदल लागू झाला. तो न्याय्यच होता, कारण पोटासाठी डोंगर उतरलेल्या माणसाची जमात तालुक्याच्या वेशीवर गळून पडत नाही. पण हद्द गेली तसा नामसाधर्म्याचा प्रश्न वाढला. ठाकूर हे नाव आदिवासी नसलेल्या समाजांतही आहे. सह्याद्रीतले महादेव कोळी आणि किनाऱ्यावरचे मासेमार कोळी हे वेगळे समाज आहेत. विदर्भात विणकाम करणारे कोष्टी हे हलबा जमातीत मोडतात का, हा वाद थेट सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठापर्यंत गेला. २८ नोव्हेंबर २००० च्या ‘मिलिंद’ निकालात त्या पीठाने सांगितले की यादीतली नोंद जशी आहे तशीच वाचायची. एखादा समाज तीत अध्याहृत आहे असे पुराव्याने ठरवण्याचा अधिकार न्यायालयालाही नाही.

पडताळणीची आजची चौकट सर्वोच्च न्यायालयाच्या २ सप्टेंबर १९९४ च्या ‘माधुरी पाटील’ निकालातून आली. त्यातल्या पंधरा निर्देशांनी पडताळणी समिती आणि तिच्या मदतीला दक्षता पथक उभे केले. पथकाने घरी, शाळेत, मूळ गावी जाऊन चौकशी करायची. कुलदैवत, लग्नाचे व मर्तिकाचे विधी, रूढी यांची माहिती घ्यायची. यालाच आप्तभाव चाचणी म्हणतात. पुढे राज्याने स्वतःचा कायदा केला. १८ ऑक्टोबर २००१ पासून लागू झालेल्या या कायद्याच्या कलम ८ ने दावा सिद्ध करण्याचा भार दावेदारावर ठेवला.

या क्षेत्राचा गाभा इथेच आहे. पुरावा म्हणून मागितला जातो तो कागद, आणि आदिवासींच्या वाट्याला कागद सर्वांत कमी आला. ज्या घरात पहिली पिढी आत्ता शिकते आहे, तिथे १९५० पूर्वीचा शाळेचा दाखला कुठून येणार? मग गाव नमुना १४ मधली जन्ममृत्यूची नोंद, विदर्भातले कोतवाल बुक, शाळेचे जनरल रजिस्टर यांतली एखादी ओळ शोधावी लागते. ती सापडली तरी लिहिणाऱ्याने नुसते ‘कोळी’ किंवा ‘हिंदू ठाकूर’ एवढेच लिहून ठेवलेले असू शकते. दुसरीकडे, शहरात वाढलेल्या मुलीला आजीचे विधी ठाऊक नसतात, तर ग्रंथ वाचून नेमकी उत्तरे पाठ करणे कोणालाही जमते. म्हणून सर्वोच्च न्यायालयाच्या २०११ च्या ‘आनंद’ निकालाने स्वातंत्र्यपूर्व कागदांना अधिक वजन दिले, आणि २४ मार्च २०२३ रोजी तीन न्यायमूर्तींच्या पीठाने ठाकूर जमातीच्या प्रकरणात स्पष्ट केले की आप्तभाव चाचणी ही अंतिम कसोटी नव्हे, आणि कागदांनीच समितीचे समाधान झाले तर प्रकरण दक्षता पथकाकडे पाठवण्याची गरज नाही. वडिलांकडच्या रक्तनात्यातल्या व्यक्तीला मिळालेली वैधता महत्त्वाची ठरते, पण ती रीतसर चौकशीनंतर मिळाली होती का, हे समितीने पाहायचे असते.

रिट याचिका ऐकणारे उच्च न्यायालय समितीच्या खुर्चीत बसत नाही. जुना कागद विचारात घेतला का, दक्षता अहवालाची प्रत देऊन म्हणणे ऐकले का, नकाराची कारणे पुराव्याशी जुळतात का, हे ते तपासते. त्यामुळे अभ्यासकाने निकालाचा शेवटचा परिच्छेद वाचून थांबू नये. वंशावळ स्वतः मांडावी, नोंदींच्या तारखा लावाव्यात, अहवाल आणि आदेश शेजारी ठेवून वाचावेत.

याचे परिणाम माणसांच्या आयुष्यावर होतात. ‘मिलिंद’ निकालाने तोवर पक्के झालेले प्रवेश आणि नेमणुका वाचवल्या. ६ जुलै २०१७ रोजी भारतीय अन्न महामंडळाच्या खटल्यात मात्र सर्वोच्च न्यायालयाने ठरवले की दावा अवैध ठरला की लाभ जातो. फसवणुकीचा हेतू सिद्ध व्हावाच लागतो असे नाही. त्यानंतर २१ डिसेंबर २०१९ च्या शासन निर्णयाने अशा कर्मचाऱ्यांना अधिसंख्य, म्हणजे मंजूर संख्येबाहेरच्या, पदांवर वर्ग करण्याची तरतूद झाली.

२०११ च्या जनगणनेनुसार राज्यात एक कोटी पाच लाख आदिवासी आहेत आणि शासकीय नोकऱ्यांत त्यांच्यासाठी सात टक्के जागा आहेत. खोट्या दाव्याने त्यातली एक जागा गेली तर ती पाड्यावरच्या कोणाची तरी गेलेली असते. खरा दावा कागदाअभावी फेटाळला गेला तरी नुकसान त्याच पाड्याचे होते. हे दोन्ही अन्याय एकाच वेळी डोळ्यांसमोर ठेवणे, ही या विषयाची पहिली शिस्त आहे. ती पाळणारा वाचक मग कोणत्याही बाजूने उभा राहो, या अभ्यासाला त्याची गरज आहे.