कुलूपतोड्यांनी राखलेला इतिहास
१९८०च्या दशकात ‘ॲपल टू’ संगणकाचे खेळ फ्लॉपीवर विकले जात. नक्कल रोखण्यासाठी कंपन्या फ्लॉपीवरील माहितीची मांडणी मुद्दाम बदलत. नेहमीच्या कॉपी प्रोग्रामला ती वाचता येत नसे. क्रॅकर हे कुलूप फोडत, पडद्यावर आपले टोपणनाव मिरवत आणि प्रती बेकायदा वाटत.

परंतु फ्लॉपीचा चुंबकीय थर काळाबरोबर खराब होतो. मूळ प्रती निकामी होत गेल्या आणि कित्येक खेळ या फोडलेल्या, क्वचित काटछाट केलेल्या नकलांतूनच टिकले. २००३मध्ये ‘इंटरनेट अर्काइव्ह’च्या मागणीवरून अमेरिकेच्या लायब्ररी ऑफ काँग्रेसने कालबाह्य माध्यमांवरील खेळांची कुलपे उघडण्यास मुदतीची सूट दिली.

जुन्या हस्तलिखितांप्रमाणेच येथेही अनेकदा मूळ हरपले, नक्कल उरली. म्हणून नक्कल करणाऱ्याने काय गाळले, हे तपासणे अभ्यासकाचे पहिले काम ठरते.