चिलखताचे ओझे

चिखलदऱ्याला जाऊन गाविलगड न पाहिलेला माणूस आपल्या वऱ्हाडात विरळाच. दक्षिणेचा कडा पाहिला म्हणजे हा किल्ला कोणी घेतलाच कसा, असा प्रश्न पडतो. आडगावची लढाई २९ नोव्हेंबर १८०३ रोजी झाली आणि १५ डिसेंबरला गाविलगड पडला. स्टीव्हन्सनच्या इंग्रजी फौजेने अवजड तोफा हातांनी ओढीत, डोंगरांतून वळसा घालून उत्तरेस नेल्या. कारण दक्षिणेसारखा कडा तिकडे नाही. दोन दिवसांत तटाला खिंडार पडले. भोसल्यांचा किल्लेदार बेनीसिंग लढता लढता पडला. किल्ल्याला बळ होते, पण शत्रूकडे तोंड फिरविण्याची सोय नव्हती.

रणगाडा म्हणजे तोंड फिरवू शकणारा किल्ला. पण या फिरण्याची किंमत वजनात द्यावी लागते. चिलखत जाड केले की वजन वाढते. वजनासाठी मोठे इंजिन हवे. मोठ्या इंजिनाला जागा हवी. आणि ती जागा झाकावयास पुन्हा चिलखत हवे! चारी बाजूंनी सारखेच जाड पोलाद घातले तर गाडा हलणार नाही. म्हणून ते मुख्यतः समोर घालतात, तेही तिरपे, म्हणजे गोळ्याला अधिक पोलाद भेदावे लागते. कुशी आणि पाठ पातळच राहतात. शिवाय जमिनीने वजन पेलले पाहिजे. भर पावसात काळ्या रानात भरलेली बैलगाडी घालणाऱ्या शेतकऱ्याला हे शिकवावयास नको.

सप्टेंबर १९६५ मध्ये पंजाबात खेमकरणजवळ, आसल उत्तर येथे, याचीच परीक्षा झाली. पाकिस्तानचे पॅटन रणगाडे सुमारे ४५ टनांचे. अलिबागेस जन्मलेले लेफ्टनंट कर्नल अरुणकुमार वैद्य यांच्या डेक्कन हॉर्सजवळ होते जुने, हलके शेरमन. त्यांच्या तोफांना पॅटनचे समोरचे चिलखत सहसा दाद देत नसे. आपल्या सैन्याने शेतांत पाणी सोडले, शेरमन आणि सेंच्युरियन घोड्याच्या नालासारखे उसात दडवून ठेवले, आणि पॅटन चिखलात रुतताच त्यांच्या कुशीवर मारा केला. हल्ला मोडला. वैद्यांना महावीरचक्र मिळाले. पुढे १९८३ मध्ये ते सरसेनापती झाले.

त्याच रणांगणावर अब्दुल हमीद यांच्यापाशी चिलखत मुळीच नव्हते. जीपवर बसविलेल्या तोफेने, पिकाच्या आडोशाने जवळ जाऊन, त्यांनी पॅटनमागून पॅटन फोडले. १० सप्टेंबरला शत्रूच्या गोळ्याने त्यांचा प्राण घेतला. परमवीरचक्र त्यांच्या पश्चात आले.

तेव्हा जाड चिलखत शहाणपणाचे की हलकी चाल, या प्रश्नाला एकच उत्तर नाही. दोन्हींची किंमत माणसेच देतात. आपली पातळ बाजू कोणती, हे शत्रूच्या आधी आपण ओळखावे, एवढेच हाती असते. पुढच्या खेपेस गाविलगडी गेलात, तर दक्षिणेचा कडा पाहून परतू नका. उत्तरेचा तटही पाहा.